पाणी सुरळीत होईपर्यंत

नव्या नळाच्या मानेवरचं लेबल अर्धं निघालं होतं आणि उरलेलं अर्धं निघायला तयार नव्हतं. श्रीनिवासरावांनी नखानं कोपरा उचलला, कोपरा तेवढा हातात आला, बाकीचं जागच्या जागी – पांढरं, चिकट, कंपनीचं नाव गेलेलं आणि 'शुद्ध पितळ' एवढेच शब्द शाबूत राहिलेलं. शुद्ध पितळ... माणसांनाही असं लेबल लावून मिळालं असतं तर बरं झालं असतं, पुढं कुणी फसवल्याची तक्रार केली तर आधीच सांगितलं होतं म्हणता आलं असतं –

"अहो, त्या नळाला सोडा आता," सरोजिनीबाई मागून म्हणाल्या. "पाणी आलं तेव्हापासून खरवडताय."

श्रीनिवासरावांनी चटका बसावा तसा हात मागं घेतला. बाईंनी ते सहज म्हटलं होतं... की सहज नव्हतं? इतक्या वर्षांच्या संसारात बाईंचं सहज कुठं संपतं आणि मुद्दाम कुठं सुरू होतं, हे त्यांना कधी उमगलं नव्हतं.

पाणी येऊन दोन महिने झाले होते. औरंगाबादच्या कडेला, सातारा परिसरात, जिथं काल-परवापर्यंत ज्वारी उभी असायची तिथं ही इमारत उभी राहिली, तेव्हा बिल्डरनं माहितीपत्रात डोंगर दाखवला होता, तो खरोखरच होता. पाणी दाखवलं नव्हतं, तेही खरोखरच नव्हतं. एवढा सरळ माणूस औरंगाबादेत दुसरा नसेल. मग टँकर यायचा. ज्या उन्हाळ्यात लातूरला रेल्वेनं पाणी न्यावं लागलं, त्याच्या आदल्या वर्षीच तो आधी दिवसाआड, मग कधीतरी, मग ड्रायव्हरच्या मर्जीनं येऊ लागला. हॉर्न वाजला की त्यांची सून, मृण्मयी, खांद्यावर पाइप टाकून जिन्यानं धडाधड खाली उतरायची आणि इमारतीतल्या पुरुषांशी भांडून आपला ड्रम आधी लावायची. शेजारचे म्हणायचे, सून असावी तर अशी. श्रीनिवासराव नम्रपणे मान खाली घालायचे, जणू ती त्यांनीच लिहिली होती.

आणि मग त्यांनीच तिला माहेरी पाठवलं. म्हणाले, एवढी ओढाताण कशाला, लासूरला तुमच्या घरी विहीर आहे, पाणी सुरळीत होईपर्यंत राहा तिकडं. घराची किल्ली तुझ्याकडंच असू दे, घर तुझंच आहे.

आता निळे ड्रम गॅलरीत पालथे पडले होते, एक कापून सरोजिनीबाईंनी त्यात गवती चहा लावला होता, जायकवाडीत पाणी आल्याच्या बातम्या छापून वर्तमानपत्रंसुद्धा दमली होती – आणि लासूरला कुणी काही कळवलं नव्हतं. न कळवणं म्हणजे काही करणं नव्हे. रोज सकाळी उठून ते नुसतं करायचं नाही, एवढंच. किती सोपं असतं ते...

आज मात्र ते तेवढं सोपं राहिलं नव्हतं, कारण काल रात्री श्रीनिवासरावांनी स्वतःच्या हातानं एक उद्योग करून ठेवला होता.

दर शनिवारी दुपारी त्यांच्या घरी अभ्यासवर्ग भरे. कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवून निवृत्त झाल्यावर त्यांनी यहुद्यांचे प्राचीन धर्मग्रंथ हाती घेतले होते – त्यातली घरं, त्यातल्या बायका, वारसाहक्क, कुणाचं शरीर कुणाच्या मालकीचं, वगैरे. शहरात त्यांना या विषयावर मान होता. महिला दिनाच्या सुमाराला तर त्यांना एका हॉलमधून दुसऱ्या हॉलमध्ये नेण्यासाठी गाड्या यायच्या आणि घरी शाली एवढ्या साठल्या होत्या की सरोजिनीबाई त्या लग्नामुंजीत पुढं सरकवायच्या. तर काल रात्री त्यांनी वर्गाच्या व्हॉट्सॲप गटावर सूचना टाकली. विषयाच्या शेवटी प्रश्न टाकायची त्यांची खास लकब होती, श्रोता अडकतो त्यानं. 'उद्या चार वाजता. यहूदा आणि तामार : सुनेला परत का बोलावलं नाही?' पाठवलं, चष्मा काढला, झोपले. छान झोप लागली.

सकाळी पाहतात तर अंगठे, जोडलेले हात, काकासाहेबांचं रोजचं गुलाबाचं फूल, आणि त्या सगळ्यांत मधोमध – 'बाबा, मी येते.' मृण्मयी.

ती त्या गटात आहे हे ते विसरले होते. विसरले कसले, गट तिनंच करून दिला होता, त्यांना फक्त पाठवायचं बटण कुठं आहे ते दाखवलं होतं. त्यांचा तामारवरचा लेखही तिनंच टाइप केलेला. माणूस आपल्याच सुनेला पोस्टानं आरसा पाठवतो आणि वर विचारतो, बघ बरं, यात कोण दिसतंय...

"येते म्हणजे?" सरोजिनीबाईंनी विचारलं होतं. "वर्गाला येते, का राहायला येते?"

"तेवढं लिहिलेलं नाही."

"मग विचारा की."

"गटावर? काकासाहेबांच्या गुलाबाखाली?"

"उद्या पैठणची माणसं यायचीत, अहो. आपल्या धाकट्याला, श्रीरंगला बघायला." बाईंनी आवाज खाली आणला, घरात दोघंच असताना. "आणि आज ही येऊन राहिली तर..."

त्या 'तर'च्या पुढं बाई गेल्या नाहीत. श्रीनिवासरावही गेले नाहीत. त्या 'तर'च्या पलीकडं काय आहे हे दोघांनाही नीट माहीत होतं. वर्षभर ते दोघं त्याच्या कडेकडेनं, पाय न बुडवता चालत आले होते.

पोथी उघडून ते बसले. ही गोष्ट त्यांना तोंडपाठ होती, कुठं थांबायचं, कुठं चष्मा पुसायचा, सगळं. यहूदाला तीन मुलगे. थोरल्याचं लग्न तामारशी झालं, तो मेला. तेव्हाच्या रिवाजाप्रमाणं ती दुसऱ्या मुलाला दिली, मेलेल्या भावाचं नाव चालवायला, तोही मेला. तिसरा शेला लहान होता. मग सासरा सुनेला म्हणतो, शेला मोठा होईपर्यंत तू बापाच्या घरी विधवा म्हणून राहा. मनात मात्र म्हणतो की हाही भावांसारखा मरायचा. शेला मोठा होतो. तिला बोलावणं येत नाही. मग ती वैधव्याची वस्त्रं उतरवते, तोंडावर बुरखा घेते, मेंढरांच्या कातरणीला निघालेल्या सासऱ्याच्या वाटेवर जाऊन बसते, आणि तो तिला न ओळखता... मोबदल्याच्या बोलीवर आपली मुद्रा, दोरी आणि काठी तिच्याकडं गहाण ठेवतो. पुढं सून गरोदर असल्याचं कळताच हाच गृहस्थ म्हणतो, जाळा तिला. ती मुद्रा पुढं करते, ओळखा म्हणते. आणि तो म्हणतो, माझ्यापेक्षा हीच खरी.

यावर त्यांचं ठरलेलं विवेचन असे. निवेदक आधीच सांगून टाकतो की दोन्ही मुलगे आपापल्या करणीनं गेले. वाचकाला ती निर्दोष असल्याचं माहीत आहे, माहीत नाही ते फक्त सासऱ्याला. तो मरणाचं कारण सुनेच्या अंगात शोधतो. आणि पुढचा मुद्दा, ज्याला बायका हमखास वहीत टिपून घ्यायच्या – ज्या घरात तिला जागा नाही, त्याच घराच्या अब्रूला ती बांधलेली आहे. हे वाक्य म्हणून झालं की श्रीनिवासराव जरा थांबायचे.

आज ते वाक्याच्या आधीच थांबले. गेल्या उन्हाळ्यात कुणीतरी सरोजिनीबाईंना सांगितलं होतं की तुमची सून लासूरला कुणाच्या तरी स्कूटरवर मागं बसलेली दिसली. आणि त्यांनी फोन केला होता. स्वतः. मऊ आवाजात. सगळं ठीक ना बेटा, गाव लहान आहे, जपून राहावं... ती म्हणाली होती, "बाबा, गाडी चुकत होती. आमच्या बँकेतल्या साहेबांनी स्टेशनपर्यंत सोडलं." ते म्हणाले होते, हो हो, तसं काही नाही, सहजच.

सहजच. जाळा म्हणाले नव्हते ते. काळ बदलला आहे, फोन आले आहेत.

आणि त्याच्याही आधी ते... ते नको. पण ते येतंच. हिमांशू, थोरला, बीड बायपासवर ट्रकखाली गेला. त्यानंतर मृण्मयी घरात होती, दुसरा विचारच कुणाच्या मनात नव्हता, मुलगीच ती. मग दुष्काळात भरून ठेवलेल्या ड्रमांत डास झाले आणि श्रीरंगला डेंग्यू झाला. रक्तातल्या पेशी खाली खाली चाललेल्या. एका संध्याकाळी श्रीनिवासराव औषधं घेऊन आले आणि दारातच थबकले. मृण्मयी श्रीरंगच्या उशाशी बसून त्याला चमच्यानं पेज भरवत होती. तो पिवळा पडलेला, काहीतरी पाचकळ बोलला असावा, ती हसली, त्याच्या ओठावरची पेज तिनं पदरानं पुसली. एवढंच. त्यात काहीही नव्हतं. आणि मला – मला, ज्यानं पत्रिका जाळून लग्न केलं, ज्याच्या भाषणाला बायका वह्या घेऊन येतात – मला वाटलं, हाही.

हाही. एकच शब्द. कुठून आला? कुणी शिकवला? माझ्या आईनं नाही, ती असलं बोलायची नाही. तो आधीपासून तिथंच होता, तळाशी, ड्रमातल्या अळीसारखा, आणि पाणी हललं तेव्हा वर आला.

त्यापाठोपाठ आणखी एक आलं, जास्त लाजिरवाणं, की ती का हसली. तरणी आहे. श्रीरंगही. म्हणजे एकाच क्षणात ती त्याला मारणारी होती आणि मोहवणारी होती, आणि प्रत्यक्षात ती पेज भरवत होती.

श्रीरंग बरा झाला. पुढच्याच आठवड्यात ते तिला पाण्याबद्दल बोलले. सरोजिनीबाईंनी एका शब्दानं विचारलं नाही, असं अचानक का. उलट तिची बॅग भराभर भरून दिली, वर थालीपिठं बांधली. तेव्हा श्रीनिवासरावांना कळलं की बाईंनाही दारात कधीतरी तसंच काहीसं दिसलं असावं.

चारला माणसं जमली. मोनिका, जुन्या धर्मग्रंथांतल्या स्त्रियांवर विद्यापीठात प्रबंध लिहिणारी, तिच्या दोन मैत्रिणी. आणि काकासाहेब – देवगाव रंगारीचे, कृषी खात्यातून निवृत्त, अर्धा आठवडा शेतावर आणि अर्धा इथं लेकाकडं. श्रीनिवासरावांनी सुरुवात केली आणि बेल वाजली.

मृण्मयी होती. पर्समध्ये या दाराची किल्ली असताना तिनं बेल वाजवली होती आणि दार उघडेपर्यंत पायपुसण्याच्या अलीकडं उभी राहिली होती. आत येऊन चपला ठेवायच्या कपाटाजवळ, सगळ्यांच्या मागं बसली. बारीक झाली होती का? की त्यांना तशी दिसायला हवी होती...

"या या सूनबाई!" काकासाहेब ओरडले. "लई दिसांनी. आमाला वाटलं, सरांनी लासूरलाच नेमणूक करून टाकली तुमची. इकडं पाणी आलं बरं का, नळाला!"

"हो काका, ऐकलं."

"सरांनी सांगितलं आसंल."

"नाही," ती म्हणाली. "वर्तमानपत्रात होतं."

श्रीनिवासरावांनी चष्मा पुसला. ही जागा चष्मा पुसायची नव्हती. मग ते वाचत गेले, समजावत गेले, आवाज आपला चालू राहिला, गाडी उतारावर चालावी तसा. शेला मोठा झाला इथं आले आणि काकासाहेबांनी हात वर केला.

"सर, मला येक सांगा. पोरगं मोठं झाल्यावर ह्या यहूदानं सुनेला बोलावणं का धाडलं नाय? इसरला म्हनावं, तर मेंढरांची कातरणी बरी ध्यानात राह्यली त्याच्या."

"काका, भीती होती ना त्याला," मोनिका म्हणाली. "धाकटाही मरेल अशी. लिहिलंच आहे तसं."

"व्हय, पन ते मनातल्या मनात. तिला काय म्हनला? पोरगं ल्हान हाय. म्हंजी खरं कारण खिशात अन् देखणं कारण तोंडावर! अन् घरातली बाकीची मान्सं? कुनीच इचारलं नाय, की बाबा, आपली सून कुठंय?"

पोरी हसल्या. स्वयंपाकघरात कपबश्यांचा आवाज थांबला होता.

"ग्रंथ त्यावर गप्प आहे," श्रीनिवासराव म्हणाले.

"गप्प र्‍हायाला काय जातंय त्याचं," काकासाहेब म्हणाले.

आणि तेव्हा श्रीनिवासरावांना वाटलं की आता सांगून टाकावं. इथंच, सगळ्यांसमोर. पोथी मिटायची, क्षणभर थांबायचं, आणि म्हणायचं, मित्रहो, यहूदा मी आहे. माझ्यापेक्षा ती, तिथं मागं बसली आहे ती खरी. त्यांच्या छातीत मोठं काहीतरी दाटून आलं, डोळे भरूही लागले – आणि त्याच वेळी त्यांना दिसलं की मोनिकाचेही डोळे भरले आहेत, काकासाहेब उठून मिठी मारताहेत, वा सर, याला म्हणायचं माणूस, आणि पुढच्या मार्चमध्ये एखाद्या हॉलमध्ये कुणीतरी प्रास्ताविकात हा प्रसंग सांगतंय... ते थांबण्याची लांबीसुद्धा मोजत होते. नेमकं हेच त्यांनी त्या लेखात लिहिलं होतं. यहूदाची कबुली ही गोष्टीतली सर्वांत फसवी जागा, कारण कबुली देताक्षणी सगळा प्रकाश त्याच्यावर पडतो, तो मोठा होतो, त्याच्या वंशात पुढं राजे होतात. आणि तामारला जुळं झाल्यावर पुढं तिचं काय झालं, तेवढंही सांगायचं कुणाला सुचत नाही. सुंदर परिच्छेद होता. मृण्मयीनं तो टाइप करताना म्हटलं होतं, बाबा, हे फार खरं लिहिलंय तुम्ही. म्हणजे पळून जायचं ते एकच दार होतं आणि ते त्यांनीच, चांगल्या मराठीत, बाहेरून बंद करून ठेवलं होतं.

ते काही बोलले नाहीत. न बोलण्यातही काही मोठेपणा नव्हता.

"बाबा," मागून आवाज आला, "पुढं ती कुठं राहिली?"

"कोण?"

"तामार."

"ते... ते दिलेलं नाही," ते म्हणाले. "तज्ज्ञांत मतभेद आहेत." तज्ज्ञांत काहीही मतभेद नव्हते, कुणी विचारलंच नव्हतं.

चहा झाला, लोक गेले. काकासाहेब जाता जाता मृण्मयीला म्हणाले, "पुढल्या शनिवारी देवगावची बोरं आनतो, या बरं का," आणि ती "बघते" म्हणाली. हॉलमध्ये तिघंच उरली. पूर्वी ती लगेच कप गोळा करायला उठायची. आज उठली नाही, पाहुण्यासारखी बसून राहिली, आणि सरोजिनीबाई कप उचलताना तिच्या गुडघ्याला वळसा घालून गेल्या.

"श्रीरंग?" तिनं विचारलं.

"वाळूजला. दिवसपाळी आहे."

"तब्येत?"

"उत्तम. अगदी उत्तम," श्रीनिवासराव घाईनं म्हणाले, आणि त्या घाईची त्यांना इतकी शरम वाटली की ते पुन्हा म्हणाले, "ठीक आहे तसा."

"बाबा, माझी बदली झाली," मृण्मयी म्हणाली. "इथल्या शाखेत, सोमवारपासून. रोज लासूरहून ये-जा होण्यासारखी नाही. माझी खोली मोकळी आहे ना?"

खोली मोकळी होती. मोकळी करून तिला कालच रंग दिला होता, फिकट जांभळा, पैठणच्या मुलीला दाखवायला. हिमांशूचा फोटो तिथून काढून माळ्यावर ठेवला होता, तात्पुरता, रंग वाळेपर्यंत.

"रंगाचा वास आहे गं अजून," सरोजिनीबाई दारातून म्हणाल्या. "डोकं धरेल तुझं."

मृण्मयीनं त्यांच्याकडं पाहिलं नाही. ती श्रीनिवासरावांकडं पाहत होती. 'हो' तयार होता. खरंच तयार होता, ओठांच्या मागं उभा, दिवसभर सोसलेलं सगळं त्या एका अक्षराच्या पाठीशी होतं. आता ते चुकणं शक्य नव्हतं, सगळं माहीत असलेला माणूस चुकेल कसा. त्यांनी तोंड उघडलं.

"आहे ना. मोकळीच आहे. तुझीच आहे. फक्त उद्या ती पैठणची मंडळी तेवढी येऊन जाऊ देत, म्हणजे मग..."

आवाज मऊ होता. तोच, फोनवरचा. वाक्य त्यांच्या देखत बाहेर पडलं, एखादं ओळखीचं माणूस घरातून निघून रस्त्याला लागावं तसं, आणि त्याला मागं बोलवायला त्यांच्याकडं काही नव्हतं.

"मग म्हणजे कधी, बाबा?"

रागानं नाही. स्टेशनवर गाडीची वेळ विचारावी तसं. आणि ती वाट पाहत राहिली.

सकाळपासून ते लाजत होते, पण ते एका झालेल्या गोष्टीला. त्या गोष्टीला तारीख होती, अध्याय होता, तिच्यावर भाष्य करता येत होतं, आणि खरं सांगायचं तर त्या लाजण्यात बसायला थोडी जागाही होती. ही आत्ताची गोष्ट कुठंच बसत नव्हती. ती अजून झालेलीच नव्हती, तोंडात ऊन होती, पुढच्या शब्दाबरोबर आणखी होणार होती किंवा होणार नव्हती. सरोजिनीबाई कप हातात धरून दारात थांबल्या होत्या. श्रीनिवासरावांनी मृण्मयीकडं पाहिलं, आणि आयुष्यात पहिल्यांदाच, समोर कुणी ऐकत असताना, आपला चेहरा आत्ता कसा दिसत असेल याची त्यांना काहीही कल्पना नव्हती.